दोघींचा एक चेहरा

"हा चेहरा आधीच नोंदलेला आहे," खिडकीमागचा कारकून म्हणाला. "एका माणसाला दोन कार्डं मिळत नाहीत."

"अहो, तो चेहरा हिचा," धाकटी म्हणाली. "माझा हा!"

कारकुनाने मान वर केली. समोर दोन म्हाताऱ्या उभ्या होत्या. एका देठाची दोन फुलं; सुकली तीही सारखीच.

"जुळ्या आहोत रे बाबा," थोरली म्हणाली. "आमची आईसुद्धा फसायची. एकीलाच दोनदा न्हाऊ घालायची, दुसरी दिवसभर पारोशी!"

रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. कारकून हसला नाही.

थोरलीच्या छातीत शिटी वाजू लागली. तिच्या दम्याचं औषध कार्डावरच मिळायचं. धाकटीचे दोन्ही मोतीबिंदू पिकले होते आणि कार्डाशिवाय दवाखाना दारात उभं करत नव्हता. जन्मभर दोघींनी शिंप्याची काजं-बटणं केली. अलीकडे थोरली सुईत दोरा ओवून द्यायची आणि धाकटी चाचपत, बोटांनीच बघत, काज भरायची. वर्षभर खेटे घालून चपलांचे तळ गेले, पण चेहरा ओळखणाऱ्या यंत्राला काही दोन बहिणी दिसेनात.

"वरून आदेश आलाय," कारकून पडद्याकडे बघत म्हणाला. "नोंद एकच राहील. जी खरी, तिच्या नावावर कार्ड. जी खोटी, तिचं नाव कायमचं बाद. मग ना औषध, ना दवाखाना."

"आणि खरी कोण, हे कोण ठरवणार?"

"तुम्हीच सांगायचं. आत्ता, माझ्यासमोर."

असल्या प्रकरणांचा त्याला अनुभव होता. मागे दोन सख्खे भाऊ इथेच एकमेकांची गळपट्टी धरून भिडले होते. त्याने खूण केली तसा पहारेकरी काठी सावरत जवळ येऊन उभा राहिला.

कार्डावरचा फोटो थोरलीचा होता. तिने नुसतं "मी" म्हटलं असतं तरी भागलं असतं. धाकटी पापण्या मिटून उभी होती, तिचे ओठ हलत होते.

"बोला लवकर. खरी कोण?"

थोरलीने एका शब्दापुरता श्वास गोळा केला.

"ही," दोघी एकदमच म्हणाल्या, आणि दोघींचे हात एकमेकींच्या खांद्यावर होते.