दोन हजार चिठ्ठ्या

सासरे तोकुएमोन यांनी घराण्याचा शिक्का रेशमी पिशवीतून काढून नुइपुढे ठेवला. त्यासाठी त्यांनी मुद्दाम सणाचा काळा किमोनो घातला होता.

"घे, सूनबाई. सगळे मिळून मारू. दुपारपर्यंत उरकेल."

चटईवर कागदांचा गठ्ठा होता. एकेका कागदावर वीस चिठ्ठ्या आखलेल्या. नुइची पहिली कादंबरी तोक्योत छापून तयार होती; पण लेखकाच्या शिक्क्याची चिठ्ठी चिकटवल्याशिवाय एकही प्रत दुकानात जात नसे. दोन हजार प्रती, दोन हजार चिठ्ठ्या. प्रकाशकाचा माणूस चारच्या गाडीआधी गठ्ठा न्यायला येणार होता.

नुइ गुडघे मोडून बसली. घराण्याच्या शिक्क्याला तिने वाकून नमस्कार केला, तो दोन्ही हातांनी उचलला आणि सासऱ्यांपुढे परत ठेवला. मग कमरपट्ट्यातून बोटाएवढा नवा लाकडी शिक्का काढला.

"बाबा, पुस्तक या नावाने छापलंय."

त्यांनी तो उजेडात धरला. 'हातानो'. तिच्या माहेरचं नाव. त्यांचे कान लाल झाले.

"दहा वर्षं कुणाच्या चुलीवरचं जेवतेस?"

"तुमच्या. आणि दहा वर्षं तुमच्या पिंपांत आंबणारा सोयाबीनचा मिसो मीच ढवळते. त्या पिंपांवर तुमचा शिक्का लागतो. मी कधी काही म्हटलंय?"

"मग हा गठ्ठा कोराच परत जाईल."

"जाऊ दे. मी दुसरी कादंबरी लिहीन. तिच्यावरही हाच शिक्का असेल."

स्वयंपाकघरातून सासूबाईंचा आवाज आला, "अहो, एवढे नटलाच आहात, तर कुठेतरी फिरून तरी या!"

तोकुएमोन तिचा शिक्का चटईवर टाकून उठले आणि अंगणात गेले.

नुइने शाईची डबी उघडली. पहिला ठसा तिरका उमटला. दुसरा अर्धाच. तिसऱ्याला तिने सगळा जोर लावला, तर लाल डाग पडला. जादा चिठ्ठ्या नव्हत्या. तिने ओठ आवळले आणि चौथा मारला. तोही तिरका.

कागदावर सावली पडली.

"मिसो कुटतेयस का?" तोकुएमोन दारात उभे होते. पिंपांच्या चिठ्ठ्यांवर शिक्के मारण्यात त्यांची चाळीस वर्षं गेली होती. "शिक्का असा मारतात?"

तिने पाचवा मारला.

"अगं, थांब, थांब!" ते तिच्यासमोर येऊन बसले आणि किमोनोच्या बाह्या दोरीने वर बांधल्या. "शाईला नुसता टेकवायचा. कागदावर ठेवायचा. एक श्वास. मग सरळ वर. आण इकडे."

त्यांनी हात पुढे केला. नुइने शिक्का मुठीत धरला.

"तुम्ही सांगा, बाबा. मारणार मीच."

पुढे केलेला हात बराच वेळ तसाच राहिला. मग तो कागदाच्या एका कोपऱ्यावर टेकला. दुसरा हात दुसऱ्या कोपऱ्यावर. कागद ताणला गेला.

नुइने शिक्का ठेवला. एक श्वास घेतला. सरळ वर उचलला.

'हातानो'. रेघन् रेघ स्वच्छ.

तोकुएमोन खूप वेळ वाकून पाहत राहिले.

"नाव मला पटलेलं नाही," ते म्हणाले.

"माहीत आहे."

त्यांनी कागद एका चिठ्ठीएवढा पुढे सरकवला.

"पुढची."