मी निघालो

व्हिडिओ संपला आणि दालनातले दिवे लागले. त्यात पद्मजा केसांना तेल लावत स्वतःचाच दिवस सांगत होती : मी उठलो, मी बाजारात गेलो, मी दमलो.

"स्वतःला पुरुष म्हणवून घेणारी बाई," प्रदर्शन भरवणाऱ्या मॅडम म्हणाल्या. "त्या क्रियापदांसाठी तुझा व्हिडिओ निवडलाय. पुण्यात यावर फार बोललं जाईल."

"मॅडम, त्यात तसं काही नाही. आमच्या कोल्हापुरात बायका असंच बोलतात. माझी आईसुद्धा."

"हे कुणाला सांगू नकोस हं," त्या हसल्या. "माहितीपत्रक छापून झालंय. पुढच्या आठवड्यात मुलाखत आहे, तिथेही व्हिडिओतल्यासारखंच 'मी आलो, मी गेलो' बोल, म्हणजे झालं."

पद्मजाचं हे पहिलंच प्रदर्शन होतं. तिनं मान डोलावली.

स्वारगेटला ती कोल्हापूरच्या गाडीत बसली, तेवढ्यात आईचा फोन आला. "निघालीस का गं? मी जेवायला थांबलोय तुझ्यासाठी."

'निघालो' तिच्या ओठांवर आलं, पण ते मुलाखतीत द्यायचं उत्तर वाटलं. ती म्हणाली, "निघाले."

"निघाले?" आईला हसू आवरेना. "पुण्याची झालीस की गं. बरं, खरंच निघालीस ना?"

आई वाट बघत होती. पद्मजानं दोन्ही शब्द मनात म्हणून पाहिले. एकही आपला वाटेना.

"गाडी सुटली, आई," ती शेवटी म्हणाली.