थंडीतली गोष्ट

डॉक्टर पावसाळ्याच्या पुढचं काही बोलत नव्हते. आबांना दवाखान्यातून अंथुर्णे गावी घरी आणलं तेव्हा त्र्याण्णव सालचा वैशाख तापला होता आणि मला एका जागी बसवत नव्हतं. म्हणून मी त्यांना एक पुस्तक वाचून दाखवू लागले, अमेरिकेतल्या शोशोनी लोकांचं.

"हे लोक कोल्ह्याच्या, लांडग्याच्या गोष्टी सांगतात, आबा. पण फक्त थंडीत. एरवी नाही."

"आमच्या तळावरबी तसंच व्हतं. मेंढरं बसली, शेकोटी पेटली, की म्हातारी माणसं सुरू व्हायची. तुझा आजा तर कोल्ह्यासारखा मान तिरकी करून बोलायचा."

"मला कधी एकही सांगितली नाहीत."

"कशी सांगणार? थंडीत मी मेंढरं घिऊन कोकणात. तू हितं साळंत."

"मग आता सांगा."

"एवढी शिकलीस, अन् वैशाखात गोष्ट मागतीस? रीत हाय ती."

मी उठले, खिडकीशी गेले, परत आले. 'बरं, थंडीत सांगा' हे ओठांवर आलेले शब्द गिळले.

आबा माझ्याकडं बघत राहिले. मग म्हणाले, "पंखा बंद कर. खिडकी लाव. अन् ती घोंगडी टाक माझ्या अंगावर."

"घामानं भिजाल, आबा."

"टाक म्हणतो न्हवं."

घोंगडी हनुवटीपर्यंत ओढून घेत त्यांनी मला जवळ बोलावलं.

"ये, सरक आत. लई गारठा पडलाय बघ."