उपाशी झगा

"अजून एक गिरकी, गुरुबाई. झगा उपाशी आहे," संग्रहालयाचा लिन म्हणाला.

शेनबाईंनी अंगातल्या झग्याच्या लांब पांढऱ्या बाह्या वर फेकल्या, गर्रकन फिरल्या आणि खांब धरून धापा टाकू लागल्या. जुन्या चिनी ऑपेराचा हा शेवटचा झगा. त्याचं मूळ रेशीम केव्हाच कुजलं होतं. संग्रहालयानं त्यात सोडलेले जंतूच आता टाके धरून होते, आणि ते जगत फक्त बाईंच्या घामावर. दुसऱ्या कुणाचा घाम त्यांना चालत नसे.

"मेल्या, तूच नाच की! अंगानं चांगला भरलायस."

"तुम्ही थांबलात तर हा विरेल. देशाचा वारसा आहे."

"मग एकदा रंगमंचावर घालू दे. माणसांसमोर."

"दिवे, धूळ, लोकांचे श्वास? छे! तो काचेतच राहणार."

"आणि मी?"

"तुम्हाला रोज जेवण पाठवतोच की."

बाईंनी कपाटातून दारूची बाटली काढली. खेळानंतर झग्यावर तोंडानं दारू फवारून घामाची घाण मारायची, ही त्यांच्या मंडळीची रीत. लिन ओरडत धावला, पण तोवर छातीवर, बाह्यांवर, भरतकामातल्या सोनेरी पाखराच्या चोचीवर दवासारखा हलका फवारा उतरला होता.

दारूनं जंतू मेले, टाके सुटत गेले आणि झगा बाईंच्या अंगावरून गळून पडला. लिन गुडघ्यांवर बसून धागे मुठीत गोळा करू लागला. सुती बंडीतल्या बाईंनी उरलेली दारू पेल्यात ओतली.

"नीट झाडून घे," त्या म्हणाल्या, "आणि जाताना दार ओढून घे."