मधली मोकळी जागा

"कंप्युटरला तिथी कळत नाही," उत्तरा म्हणाली आणि अप्पांच्या वहीतला तो रकाना तिनं सरळ गाळला. "जागा महत्त्वाची. दिवस घेऊन काय करायचंय?"

तिची आई इंदुमती दारात उभी राहून ऐकत होती. नवऱ्याच्या वह्यांना तिनं कधी हात लावला नव्हता. त्यांना जाऊन सहा वर्षं झाली, तरी सवय तीच.

अप्पा धारवाडच्या शाळेत इतिहास शिकवायचे. वर्षातून एकदा सायकल काढून गावाबाहेरच्या ओढ्याच्या वळणावर जायचे आणि एक खापर घेऊन यायचे. सत्तावीस वर्षं, सत्तावीस खापरं. तिथं जुनी वस्ती होती म्हणायचे. खणू या म्हटलं की विषय बदलायचे. गावानं त्यांचं नाव 'खापऱ्या मास्तर' ठेवून दिलं. लोकांना काय, उचलली जीभ लावली टाळ्याला. उत्तराला मात्र ते नाव शाळेत असल्यापासून झोंबायचं. ती पुरातत्त्व शिकली, विद्यापीठात लागली, ती एवढ्यासाठीच. अप्पांचं म्हणणं एकदा खरं करून दाखवायचं होतं.

वहीत प्रत्येक खापराची जागा पावलांनी मोजून लिहिलेली होती. चिंचेपासून पूर्वेला चाळीस, उत्तरेला बारा. उत्तरानं पावलांचे मीटर केले आणि आकडे भरले. पडद्यावरच्या नकाशात एकेक ठिपका उमटत गेला आणि सगळ्यांचं मिळून एक गोल कडं झालं. मधोमध एकही ठिपका नव्हता.

"बघ की आई, मधल्या जागेला त्यांनी हातच लावलेला नाही. जे काय असेल ते तिथंच असणार."

"खणा मग," इंदुमती म्हणाली. "त्यांना बरं वाटेल."

विभागप्रमुख राघवेंद्र सरांनाही नकाशा पटला. त्यांनी खटपट करून परवानगी आणली, आणि डिसेंबरात बरोबर मधोमध चर आखला गेला.

तिसऱ्या दिवशी उत्तरा भर दुपारी घरी आली. हातपाय न धुताच पायरीवर बसली.

"काय झालं ग?"

"वस्ती नाही आई. काहीच नाही. दोन हात खाली गेल्यावर खणणारा भीमसेन म्हणाला, अक्का, इल्ले नोड्री, इथंच बघा. बघते तर तान्ह्या बाळाची हाडं. जुनी नाहीत, पन्नास वर्षंसुद्धा झाली नसतील. पायाशी चांदीचा वाळा, तोही अलीकडच्या घडणीचा. आता लोक अप्पांना पुन्हा हसतील, आणि या खेपेला माझ्यामुळं."

"वाळे किती?"

"एकच. दुसरा शोधतायत."

इंदुमतीनं आत जाऊन वही आणली. पहिल्यांदाच उघडली. गाळलेल्या रकान्यावरून तिचं बोट सावकाश खाली गेलं. मार्गशीर्ष वद्य पंचमी. मार्गशीर्ष वद्य पंचमी. सत्तावीस ओळी, शेवटपर्यंत तेच.

"जागा मला कधी सांगितली नाही त्यांनी," ती म्हणाली.

मग देवघरात गेली, एक लहानशी डबी घेऊन बाहेर आली आणि उत्तराच्या शेजारी पायरीवर टेकली.

"त्यांना सांग, दुसरा शोधू नका," म्हणाली, आणि कापसात गुंडाळलेला वाळा तिनं उत्तराच्या मातीनं भरलेल्या हातावर ठेवला.