डावी बाजू

भोंगा वाजला. वेळ संपली, पण हॉकीचा सामना संपला नव्हता. शेवटच्या क्षणी पंचांनी समोरच्या संघाला पेनल्टी कॉर्नर दिला होता आणि तो खेळून झाल्याशिवाय कुणाचीच सुटका नव्हती. बरोबरी चालली होती. बरोबरी टिकली तर संघ लीगमध्ये राहणार. गोल झाला तर तळाचा संघ म्हणून बाहेर, आणि पुढच्या हंगामात हेच सामने घरी बसून टीव्हीवर बघायचे.

गोलच्या जाळीत मास्कचा ढीग पडला होता. बाणानं त्यातला एक उचलून तोंडावर चढवला. पट्टा धड लागेना.

बाण हे त्याचं संघातलं नाव. कॉर्नरचा चेंडू आत आला की गोलरेषेवरून सुटायचं आणि मारणाऱ्याच्या थेट अंगावर जायचं, हे त्याचं काम. गोलची डावी बाजू त्यानं स्वतःच्या अंगानं अडवायची, उजवी गोलकीपरनं सांभाळायची, असं ठरलेलं. गेल्या हंगामापर्यंत तो असा सरळ सुटायचा की बघणाऱ्यानं डोळे मिटून घ्यावेत. मग एका सामन्यात चेंडू मास्कच्या खालून जबड्यावर बसला. हाड जुळलं म्हणा, पण अजूनही घास चावताना टक् असा आवाज येतो, आणि टक् झालं की त्याला तो चेंडू दिसतो.

तेव्हापासून बाण वाकडा जायला लागला. आता खोटं कशाला बोला! सुटायचा जोरात, ओरडायचा त्याहून जोरात, आणि शेवटच्या क्षणी हळूच बाहेर कलायचा. जेमतेम अर्धं पाऊल. चेंडू कानाजवळून सूं करून जायचा. प्रशिक्षकांनी एकदा सगळ्यांना बसवून व्हिडिओ लावला, तेव्हा त्याला दरदरून घाम फुटला. नशीब, कॅमेरा बाजूनं लावलेला होता. प्रशिक्षक भलत्यालाच बोलले.

चेंडूची भीती होतीच. पण त्याहून मोठी भीती ही, की हे कुणाला तरी कळेल. त्यातून भावोजींना कळलं तर तोंड कुठे लपवायचं?

भावोजी म्हणजे गोलकीपर. बाणाच्या थोरल्या बहिणीचा नवरा, म्हणून अख्खा संघ त्यांना भावोजी म्हणायचा. प्रशिक्षकसुद्धा.

आज सकाळीच हॉटेलवर ताईचा फोन आला होता. "यंदा हे एवढा मार का खातात रे?" ती म्हणाली. "डावी बरगडी नुसती काळीनिळी झालीय. विचारलं तर म्हणतात, दारावर आपटलो. किती दारं आहेत तुमच्या मैदानात?"

बाणाला हसू आलं नाही. डावी बाजू त्याची होती. त्यानं सोडलेला एकेक चेंडू भावोजी अंगावर घेत होते. "बघतो मी, ताई," एवढंच तो बोलला. नाश्ता तसाच राहिला. त्यानं मनाशी ठरवून टाकलं, आज सरळ जायचं. फुटला जबडा तर फुटला.

सकाळी ठरवणं सोपं होतं. आता समोर डीच्या, म्हणजे गोलपुढच्या अर्धवर्तुळाच्या टोकाला त्यांचा कॉर्नर मारणारा लांब्या उभा होता, शर्टाला हात पुसत. गेल्या वर्षी जबडा फोडणारा तोच.

"भावोजी..."

"काय मेव्हणे?" हेल्मेटच्या आतून नेहमीचा थट्टेचा सूर आला.

आज मी सरळ जाणार आहे, हे अगदी जिभेवर आलं होतं. पण ते सांगायचं म्हणजे इतके दिवस जात नव्हतो, हेही कबूल करायचं. सगळे ऐकत होते.

"काही नाही."

"मग झालं तर. तू धाव, बाकीचं मी बघतो."

चेंडू आत आला आणि बाण सुटला. लांब्या वाकला, खांदा खाली गेला. हाच तो क्षण, इथेच रोज अंग आपोआप बाहेर जायचं. आजही जाऊ लागलं. बाणानं दात असे आवळले की जबड्यात टक् झालं, आणि तो सरळ गेला. लांब्यानं वर बघितलं. डावी बाजू पार बंद झाली होती. त्याचे डोळे विस्फारले, ऐन वेळी मनगट वळलं, आणि चेंडू दुसऱ्याच बाजूनं निघून गेला.

बाणाला काही लागलं नाही. जमलं! वर्षभरात पहिल्यांदा जमलं! असा आनंद झाला की ओरडावंसं वाटलं.

तेवढ्यात मागे गोलच्या फळीवर धाडकन आवाज झाला.

तो वळला. गोलची उजवी बाजू सताड उघडी होती. भावोजी डाव्या खांबाशी आडवे पडले होते, हातपाय पसरून, बरोबर बाणाच्या मागे. समोरचा संघ एकमेकांच्या अंगावर उड्या मारत होता. आपल्यातला कुणीतरी रडवेल्या आवाजात ओरडला, "भावोजी, तिकडे कुठे गेलात?"

"चुकलं माझं," भावोजी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले.

बाण त्यांच्याजवळ गुडघ्यावर बसला. भावोजींनी हेल्मेट काढलं. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी इकडेतिकडे बघून घेतलं, बाणाच्या मानेवर हात ठेवला आणि फक्त त्यालाच ऐकू जाईल इतक्या हळू म्हणाले,

"गाढवा, आज सरळ जाणार होतास, तर मला आधी सांगायचं ना रे!"