शेवटचा सूर

आमच्या पोरींच्या स्विंग बँडचा एकच नियम आहे. गाणं कधी संपवायचं ते ट्रम्पेटवाली ठरवते. तिचा शेवटचा सूर निघेपर्यंत कुणी हात थांबवायचा नाही.

काल ती तालमीला आली ती ओठाला टाके घेऊनच. ती घरी वाजवत असताना नवऱ्यानं ट्रम्पेटच तिच्या तोंडावर आदळलं होतं. पाठोपाठ तोही आला, तिला फरफटत घरी न्यायला.

ड्रमरनं दाराला आतून कडी घातली. सॅक्सोफोनवालीनं त्याची कॉलर धरली, मी पोटात गुडघा घातला आणि तो वाकला तशा ड्रमरच्या काठ्या पाठीत बसायला लागल्या. त्याही ठेक्यात.

"थांबा ना! मरेन मी!"

"आम्हाला काय सांगतोस?" ड्रमर म्हणाली. "आमच्यात कधी थांबायचं ते ती ठरवते. ती वाजवेल तेव्हा थांबू."

तो सरपटत बायकोच्या पायाशी गेला. "अगं, वाजव ना! एकच सूर!"

ती नेहमीसारखी उठून उभी राहिली. ट्रम्पेट ओठांना लावलं आणि अगदी मनापासून फुंकलं. टाक्यांमधून नुसती हवा निघाली.

ड्रमरनं पुन्हा काठ्या उचलल्या.